वाचकांचे प्रश्न : लग्नघरातले नृत्य आणि मंडळीची हरकत

प्रश्न : आम्ही अहिल्यानगर जिल्ह्यातील एका जुन्या प्रोटेस्टंट मंडळीचे सभासद आहोत. माझ्या मुलीचे लग्न मडगावजवळच्या एका कॅथलिक कुटुंबात ठरले असून ते जानेवारीत गोव्यातच होणार आहे. मुलगा आणि त्याच्या घरची माणसे अगदी मनासारखी आहेत. लग्नविधीनंतरच्या स्वागतसमारंभात आधी वधूवरांनी जोडीने नाचायचे आणि मग दोन्हीकडच्या आईवडिलांनी व पाहुण्यांनी त्यात सामील व्हायचे, अशी तिकडची पद्धत आहे. हे कळल्यापासून आमच्याकडची वडीलधारी माणसे अस्वस्थ आहेत. ख्रिस्ती माणसाच्या लग्नात नाच नसतो, असे पंचांपैकी एका ज्येष्ठांनी मला स्पष्ट सांगितले. माझे सासरे तर लग्नालाच येणार नाही म्हणतात. मुलगी म्हणते, दावीद राजा नाचला, मग मी का नाही? मला दोघांचेही थोडे पटते आणि थोडे पटत नाही. पवित्र शास्त्र नृत्याला पाप म्हणते का?
एक आई, अहिल्यानगर जिल्हा

उत्तर : ताई, शास्त्रापुरते पाहिले तर उत्तर सरळ आहे. नृत्य हे स्वतःच पाप आहे, असे पवित्र शास्त्रात कुठेही सांगितलेले नाही. तांबडा समुद्र ओलांडून इस्राएल लोक गुलामीतून बाहेर पडले तेव्हा मिर्यामेने हातात डफ घेतला आणि सगळ्या स्त्रिया डफ वाजवीत व नाचत तिच्यामागे निघाल्या, हे निर्गमाच्या पंधराव्या अध्यायात आहे. देवाच्या आज्ञांच्या पाट्या ठेवलेली पवित्र पेटी, म्हणजे कराराचा कोश, यरुशलेमेत आणताना दावीद सगळी शक्ती एकवटून नाचला. स्तोत्रसंहितेच्या शेवटच्या दोन्ही स्तोत्रांत नृत्याने देवाची स्तुती करण्याचे आवाहन आहे, आणि उपदेशकाच्या पुस्तकात शोक करण्याला जसा समय सांगितला आहे तसा नाचण्यालाही सांगितला आहे.

तुमच्या मुलीने दाविदाचे नाव घेतले ते योग्यच आहे. मात्र दावीद कोशापुढे, भक्तीत नाचला, स्वागतसमारंभात जोडीने नव्हे, असे उत्तर तुमचे सासरे देतील आणि त्यांनाही चूक म्हणता येणार नाही. म्हणून मी लूककृत शुभवर्तमानाच्या पंधराव्या अध्यायाकडे वळेन. उधळ्या पुत्र घरी परतल्यावर बापाने मेजवानी मांडली. थोरला मुलगा शेतातून घराजवळ आला तेव्हा त्याच्या कानांवर गाण्याबजावण्याचा आणि नाचण्याचा आवाज पडला. हे मंदिरातले किंवा उपासनेतले नृत्य नव्हे. घरची माणसे, शेजारीपाजारी आणि गडीमाणसे आनंदाच्या प्रसंगी अंगणात जसे नाचतात तसे ते आहे, आणि प्रभू येशूने आपल्या दाखल्यात ते बापाच्या घरात, बापाच्या संमतीने घडताना दाखविले आहे. थोरला मुलगा आत यायला तयार नव्हता, तेव्हा बाप स्वतः बाहेर गेला आणि त्याची समजूत घालू लागला. तुमचे पत्र वाचताना मला हाच प्रसंग आठवला. तरीही एक विनंती करते, हा दाखला सासऱ्यांना ऐकवू नका. एखाद्याला निरुत्तर करण्यासाठी वचन वापरले की त्या वचनातली माया निघून जाते.

दुसरी बाजूही शास्त्रात आहे. सोन्याच्या वासराभोवती लोक नाचत होते तेव्हा मोशेचा क्रोध भडकला. तेथे पाप मूर्तीचे होते आणि नृत्य त्या उन्मादाचा भाग होते. त्याहून अधिक विचार करायला लावणारा प्रसंग मार्ककृत शुभवर्तमानाच्या सहाव्या अध्यायात आहे. हेरोदाचा वाढदिवस आहे, सरदार आणि बडी मंडळी जेवायला बसली आहेत, आणि हेरोदियेची मुलगी त्यांच्यापुढे नाचते. राजा खूश होऊन अर्ध्या राज्यापर्यंत काहीही माग म्हणतो. ती मुलगी काय करते? ती बाहेर जाऊन आईला विचारते, मी काय मागू? आई सांगते, योहानाचे शिर. शुभवर्तमानात तिचे नावही दिलेले नाही. सलोमी हे नाव आपल्याला योसेफस या यहुदी इतिहासकारामुळे माहीत आहे. पाय तिचे होते, पण तिच्या नाचण्यावर नजर राजाची होती, बेत आईचा होता आणि त्याची किंमत बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाने आपल्या शिराने मोजली. आपल्या भाषेत या फरकाला नेमके शब्द आहेत. मिर्याम नाचली, हेरोदियेच्या मुलीला नाचवले गेले. नृत्याविषयी ख्रिस्ती माणसाने जो विचार करायचा तो या दोन क्रियापदांमधल्या अंतराचा आहे, असे मला मनापासून वाटते. चर्चच्या इतिहासात मात्र हे अंतर फार वेळा नजरेआड झाले आणि दोन्ही गोष्टी एकाच मनाईखाली आल्या.

चौथ्या शतकातील संत योहान ख्रिसोस्तोम यांनी हेरोदाच्या याच मेजवानीवर प्रवचन करताना, जेथे नाच तेथे सैतान, असे म्हटले. त्याच शतकात लावदिकीया येथील धर्मसभेने लग्नाला जाणाऱ्या ख्रिस्ती लोकांनी नाचू नये, साधेपणाने जेवून परतावे, असा नियम केला. नियम करावा लागला याचाच अर्थ लोक लग्नात नाचत होते. पुढे धर्मसुधारणेच्या काळात मते फाटली. मार्टिन ल्यूथर यांनी काना येथील लग्नाच्या प्रसंगावर बोलताना, सभ्यपणे होणारे लग्नातले नृत्य हे खाण्यापिण्यासारखीच त्या त्या देशाची रीत आहे, अशी भूमिका घेतली. दुसरे धर्मसुधारक कॅल्व्हिन यांच्या जिनिव्हा शहरात मात्र १५४६ साली एका लग्नात नाचल्याबद्दल शहरातल्या प्रतिष्ठित स्त्रीपुरुषांना शिक्षा झाली, आणि त्यांत एक उच्च अधिकारीही होता. कॅथलिकांमध्ये संत फ्रान्सिस द सेल्स यांनी १६०९ सालच्या आपल्या ग्रंथात नृत्याची तुलना अळंब्यांशी केली. उत्तमातली उत्तम अळंबीदेखील फारशी पौष्टिक नसतात, तेव्हा खायचीच असतील तर थोडी आणि नीट शिजवून खावीत, असा त्यांचा सल्ला होता. बंदी न घालता सावध करण्याची ही रीत मला फार शहाणपणाची वाटते.

आता अहिल्यानगरकडे येऊ, कारण तुमच्या सासऱ्यांचा नकार समजून घ्यायचा तर जिनिव्हापेक्षा आपल्याच मातीत जास्त खोल जावे लागते. मुंबईत १८१३ साली उतरलेले आणि १८३१ पासून अहमदनगरला ठाण मांडून बसलेले अमेरिकन मराठी मिशन ज्या संस्थेने चालविले ती १८१० साली अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्समध्ये, न्यू इंग्लंडच्या प्युरिटन, म्हणजे कडक आचारशिस्तीच्या प्रोटेस्टंट परंपरेत स्थापन झाली होती. त्याच प्रदेशातील बॉस्टन शहरात १६८०च्या दशकात इन्क्रीज मेदर या पाळकांनी स्त्रीपुरुषांनी मिळून नाचण्याविरुद्ध एक पुस्तिका लिहिली होती. लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी की पुरुषांनी पुरुषांबरोबर आणि स्त्रियांनी स्त्रियांबरोबर गंभीरपणे नाचण्याला त्यांचाही आक्षेप नव्हता. पुढच्या काळात हा बारकावा मागे पडला आणि ख्रिस्ती माणूस नाचत नाही एवढेच उरले. आपल्या आजोबा-पणजोबांना शुभवर्तमान मिळाले ते शाळा, दवाखाने आणि ज्ञानोदयासारखे नियतकालिक यांच्यासह मिळाले, आणि त्याच गाठोड्यात ही समजूतही होती.

पण ती केवळ बाहेरून लादली गेली असे म्हणणे खरे होणार नाही. नगर जिल्ह्यात ज्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला त्यांत महार आणि मांग समाजाची माणसे फार मोठ्या संख्येने होती, आणि गावगाड्यात याच समाजांच्या वाट्याला हलगी वाजवणे आणि तमाशाच्या फडात उभे राहणे येत असे. माझी आजी अशाच घरातली. तिची एक मावशी फडात नाचत असे. आजी तिच्याविषयी बोलायची तेव्हा मावशीच्या कलेचे कौतुक आधी करायची, आणि मग आवाज खाली आणून सांगायची की पाटलाच्या वाड्यावरून बोलावणे आले की अंगात ताप असला तरी उठावे लागे. आमच्या घरासमोरून वरात निघाली आणि हलगी कडाडली की आजी निवडायला घेतलेले सूप खाली ठेवून आत निघून जायची. तीच आजी रविवारी संध्याकाळी रेव्हरंड टिळकांची भजने म्हणायला बसली की पदराखाली तिचा पाय ठेका धरायचा. मी लहान असताना तो पाय बघत बसायचे. ती नाचाचा द्वेष करीत नव्हती. आपल्याला आता कोणी नाचवू शकत नाही, ही तिच्या बाप्तिस्म्यातून तिला मिळालेली एक मोठी सुटका होती आणि ती तिने शेवटपर्यंत जपली.

तुमच्या सासऱ्यांच्या घरात असेच काही घडले असेल असे मी म्हणत नाही; ते त्यांनाच विचारायला हवे. मात्र एवढे नक्की की आपल्याकडच्या जुन्या ख्रिस्ती पिढीच्या मनात नाच म्हणजे काय, याचे चित्र विलायती दिवाणखान्यातून आलेले नाही. ते फडातून, मुरळी आणि देवदासीच्या प्रथेतून आलेले आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मद्रासकडे नाचाच्या बैठकींविरुद्ध जी चळवळ झाली तिच्यात मिशनरी आणि हिंदू सुधारक दोघेही होते, आणि मुंबई इलाख्यात देवदासींच्या संरक्षणाचा कायदा १९३४ साली झाला. त्या चळवळीने कलावंत स्त्रियांची उपजीविका आणि प्रतिष्ठा हिरावली, ही तिची काळी बाजू आहे आणि ती मान्य केलीच पाहिजे. पण गावच्या मालकासाठी नाचावे लागणाऱ्या स्त्रीची लेक जेव्हा म्हणते की आमच्यात नाच नसतो, तेव्हा त्या वाक्यात तिचा स्वाभिमान असतो, आणि त्याला केवळ सनातनीपणा म्हणून बाजूला सारणे मला योग्य वाटत नाही.

गोव्याची गोष्ट निराळ्या वाटेने गेली. तेथेही नवख्रिस्ती माणसांच्या लग्नांवर धर्मसत्तेची नजर होती. इन्क्विझिशन म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाच्या १७३६ सालच्या हुकूमनाम्यात ख्रिस्ती लग्नांत देशी वाद्ये वाजवण्यास आणि ओव्या म्हणण्यास मनाई करण्यात आली होती. म्हणजे आक्षेप नृत्याला होता त्यापेक्षा अधिक त्यातल्या जुन्या रीतींच्या आठवणीला होता. पोर्तुगीज पद्धतीचे जोडीचे नृत्य चालत असे, आणि मोठ्या घराण्यांच्या वाड्यांत त्यासाठी स्वतंत्र दालने असत. चांदोरच्या मेनेझिस ब्रागांझा यांच्या वाड्यातले असे दालन आजही पाहता येते. एकोणिसाव्या शतकात सासष्टीतल्या कॅथलिक घरांतून मांडो हा गीतासह चालणारा नृत्यप्रकार पुढे आला. त्यात शब्द कोंकणी, चाल युरोपीय आणि देशी अशा दोन्ही अंगांची, साथीला व्हायोलिन आणि घुमट हे देशी तालवाद्य, असा मेळ आहे. मनाई झालेल्या देशी वाद्यांची आठवण ठेवून पाहिले तर मातीच्या घुमटाने ख्रिस्ती दिवाणखान्यात मानाची जागा मिळवावी, ही मला फार समाधानाची गोष्ट वाटते. २०१९ मध्ये गोवा सरकारने घुमटाला राज्याचे वारसा वाद्य म्हणून मान्यताही दिली.

मी कुडतरीच्या बाजूला एका लग्नात मांडो पाहिला आहे. पुरुषांची एक रांग, स्त्रियांची एक रांग, दोन्ही समोरासमोर. ती सरकत सरकत जवळ येतात, एकमेकांना ओलांडून पलीकडे जातात आणि पुन्हा वळतात. स्त्रियांच्या हातांत पंखा असतो. तो अर्धा उघडून हनुवटीपाशी धरलेला असतो आणि जोडीदार अगदी समोर आला की चेहऱ्यापुढे येतो. हाताला हात लागत नाही. त्या दिवशी रांगेत एक सत्तरीच्या बाई होत्या. त्यांनी पायांतल्या टाचेच्या चपला काढून खुर्चीखाली नीट जोडून ठेवल्या होत्या आणि त्या गुळगुळीत फरशीवर अनवाणी पावले टाकीत होत्या. मांडो संपून दुलपदाची द्रुत लय सुरू झाली तेव्हा दम लागून त्या हसत बाजूला आल्या, आणि त्यांच्या नातवाने त्यांची जागा घेतली. त्यांना कोणी बोलावले नव्हते आणि थांबतानाही कोणाला विचारावे लागले नाही. माझ्या आजीने ते पाहिले असते तर ती सूप ठेवून आत गेली नसती, असे तेव्हा मला वाटले.

ज्या अमेरिकेतून आपल्याकडे ही मनाई आली तेथे पुढे काय झाले, हेही तुमच्या पंचांना सांगता येईल. मेथॉडिस्ट एपिस्कोपल चर्चने १८७२ साली आपल्या नियमावलीत नृत्य, पत्ते आणि नाटक यांना नाव घेऊन मनाई केली आणि १९२४ साली ती नावे काढून टाकून हा प्रश्न सभासदाच्या सद्सद्विवेकावर सोपवला. टेक्ससमधील बेलर या बॅप्टिस्ट विद्यापीठाने आपल्या आवारात पहिले नृत्य होऊ दिले ते १९९६ साली, स्थापनेनंतर दीडशे वर्षांनी. इलिनॉयमधील व्हीटन कॉलेजने २००३ मध्ये बंधन सैल केले. तिकडे बदलले म्हणून इकडे बदलावे असे माझे म्हणणे नाही. सेव्हन्थ डे ॲडव्हेंटिस्टांसारखी काही चर्चे आजही सामाजिक नृत्याच्या विरोधात उभी आहेत आणि त्यांना तसा अधिकार आहे. एवढेच लक्षात घ्यावे की ही मनाई म्हणजे देवाच्या आज्ञा नव्हेत. माणसांनी आपल्या काळात, काही भीतीपोटी आणि काही अनुभवातून केलेला तो नियम होता, आणि ज्यांनी केला त्यांनी तो पुन्हा तपासूनही पाहिला.

आता तुमच्या लग्नघराविषयी. रोमकरांस पत्राच्या चौदाव्या अध्यायात पौल सांगतो की जो खातो त्याने न खाणाऱ्याला तुच्छ मानू नये आणि जो खात नाही त्याने खाणाऱ्याला दोष लावू नये. तुमच्या दोन्ही घरांना ही एक ओळ पुरेशी आहे. मुलीने आणि जावयाने निःशंक मनाने नाचावे. तुम्हाला स्वतःला नाचावेसे वाटले तर नाचा, आणि वाटले नाही तर बसून टाळ्या वाजवा. मात्र मुलाकडच्या मंडळींशी आधीच बोलून घ्या. गोव्याच्या समारंभांत सूत्रसंचालक उत्साहाने एकेकाचे नाव पुकारून माणसे मध्ये ओढतो. त्याला स्पष्ट सांगा की नगरच्या पाहुण्यांपैकी कोणालाही हात धरून उठवायचे नाही. कोणाला नाचवायचे नाही, या एका गोष्टीवर मी ठाम राहीन. जोडीच्या नृत्यासाठी संथ चाल निवडता येते, आणि दारूचे टेबल नृत्याच्या जागेपासून दूर ठेवण्याची विनंतीही करता येते; ती कोणी वावगी मानणार नाही.

सासऱ्यांसाठी मला असे सुचते. केक कापण्याच्या आधी नवदांपत्यासाठी आजोबांनी मराठीत प्रार्थना करून आशीर्वाद द्यावा, असे मुलाकडच्यांनी स्वतः त्यांना फोन करून सांगावे. तो कार्यक्रमाचा मानाचा भाग असेल. त्यानंतर त्यांना बसावेसे वाटले तर बसतील, नाहीतर विश्रांतीसाठी खोलीवर जातील, आणि त्याचा कोणी विषय करणार नाही. आणि लग्नाआधी एखाद्या संध्याकाळी त्यांच्याजवळ बसून, त्यांच्या लहानपणी घरात नाचाविषयी काय बोलले जायचे, हे विचारा. मुलीलाही सोबत बसवा.

प्रश्न : पुण्यातील आमच्या मंडळीच्या तरुण संघाचा मी सचिव आहे. वार्षिक स्नेहसंमेलनात जोडीने नाच ठेवावा अशी मुलामुलींची मागणी आहे. पालकांची हरकत आहे. पाळकसाहेबांनी निर्णय आमच्यावर सोपविला आहे. काही जण म्हणतात, नवरात्रात शेजारच्या सोसायटीत गरबा खेळायला तर सगळे जातातच. आम्ही काय करावे?
एक सचिव, पुणे

उत्तर : पाळकसाहेबांनी निर्णय तुमच्यावर सोपविला ही मोठी गोष्ट आहे, तो विश्वास सांभाळा. पालकांची हरकत नेमकी कशाला आहे, हे आधी त्यांना विचारून घ्या, कारण "नाच नको" या दोन शब्दांत बहुतेक वेळा चार वेगवेगळ्या काळज्या असतात. उशिरा घरी येणे, कोणीतरी पिऊन येणे, मुलीचा व्हिडिओ काढून भलतीकडे पाठवला जाणे, आणि ज्या मुलीशी कोणी जोडी करणार नाही तिने भिंतीपाशी उभे राहून सगळा वेळ काढणे. शेवटची काळजी पालक क्वचितच बोलून दाखवतात, पण मुली ती वर्षानुवर्षे विसरत नाहीत. या चारही गोष्टींवर उपाय करता येतो. कार्यक्रम नऊच्या आत संपवावा, मोबाइल दाराशी जमा करावेत आणि मंडळीतील दोन जोडपी पूर्णवेळ हजर असावीत. त्या जोडप्यांनी पहारा करायला नव्हे तर नाचायला यावे, हे जास्त बरे.

जोडीने नाचण्याऐवजी सगळ्यांनी मिळून फेर धरण्याचा विचार करा. हा पळवाटेचा सल्ला नाही. केरळमधील संत थोमाच्या ख्रिस्ती लोकांची मार्गमकळी पाहा. पेटत्या समईभोवती बारा जण फेर धरतात आणि प्रेषित थोमा भारतात आला त्याची कथा गातात. फेरात कोणी भिंतीपाशी उरत नाही, आणि एखाद्याचा पाय चुकला तरी शेजारचा त्याला लयीत आणतो. आपल्या फुगडीत आणि झिम्म्यात हीच गंमत आहे. ज्यांना जोडीने नाचायचे आहे त्यांनी त्यातला एक भाग तसा बसवावा, पण संपूर्ण संध्याकाळ त्यावर बेतू नये. एरवी पेंटेकॉस्टल परंपरेतल्या ज्या मंडळ्या सामाजिक नृत्याला विरोध करतात त्यांच्याच उपासनेत माणसे आनंदाने उड्या मारतात आणि नाचतात. शरीराने देवाची स्तुती करण्यात त्यांना संकोच वाटत नाही, आणि आमच्या शांत बाकांवर बसणाऱ्या मंडळ्यांनी त्यांच्याकडून हे शिकण्यासारखे आहे. येशू समाजाचे फादर साजू जॉर्ज भरतनाट्यम करतात. त्यांच्याकडे पाहिले म्हणजे धर्मगुरूपण आणि नृत्यकला एका देहात सुखाने नांदू शकतात हे पटते.

गरब्याचा प्रश्न निराळा आहे, त्याची सांगड येथे घालू नका. नवरात्रातला गरबा हा देवीच्या आराधनेतून आलेला आहे, आणि शेजाऱ्यांच्या भक्तीला केवळ करमणूक समजून जाणे त्यांच्याही श्रद्धेचा मान राखणारे नाही. जायचे की नाही, हे पौलाने करिंथकरांना मूर्तीच्या नैवेद्याविषयी जे लिहिले ते वाचून ज्याने त्याने ठरवावे. शेजारधर्म म्हणून जाऊन आरतीच्या वेळी आदराने उभे राहणारे ख्रिस्ती लोक मला माहीत आहेत आणि न जाता दुसऱ्या दिवशी फराळ घेऊन शेजाऱ्यांकडे जाणारेही माहीत आहेत. दोघांचीही शेजाऱ्यांशी मैत्री टिकून आहे.

प्रश्न : आम्ही वसईकडचे कॅथलिक. माझ्या भावाला परदेशी परतायचे असल्यामुळे लग्न प्रायश्चित्तकाळातच, म्हणजे ईस्टरपूर्वीच्या उपवासाच्या दिवसांतच, उरकावे लागणार आहे. फादरांनी परवानगी दिली आहे, पण आदल्या दिवशी उंबराचे पाणी आणायला बँड लावून नाचत जाणे या काळात चालेल का?
एक बहीण, वसई

उत्तर : प्रायश्चित्तकाळात लग्नाला आज सक्त मनाई नाही, पण त्या काळाचे गांभीर्य राखावे अशी चर्चची अपेक्षा असते. पाणी आणण्याचा विधी सोडू नका. लुगडे नेसून, डोक्यावर घागर घेऊन विहिरीपर्यंत जाणाऱ्या बायका हाच त्या विधीचा गाभा आहे, आणि बँड ही नंतर आलेली भर आहे. बँड न लावता बायकांनी जुनी लग्नगीते म्हणत जावे. ज्या आत्या-मावश्यांना ती पाठ आहेत त्यांना पुढे ठेवा, आणि तरुण मुलींनी आधीच्या आठवड्यात त्यांच्याकडून दोन-तीन गीते उतरवून घ्यावीत. चालताना गाण्याच्या लयीत पाऊल पडलेच तर त्याबद्दल फादर काही म्हणतील असे मला वाटत नाही. बँड आणि नाच ईस्टरनंतरच्या एखाद्या रविवारी ठेवता येईल. भाऊ तोवर परतला असेल, तर तो पुढच्या सुटीत येईपर्यंत थांबा.